रामेश्वरवाले नाना

कोणी पाया पडायला वाकलं की नाना पाय आखडून घ्यायचे. चुलीतला निखारा पायावर पडावा तसे. गादीवर बसलेले असले तर मांडीखाली दडवायचे, उभे असले तर चक्क मागं सरकायचे. "राहू दे रे भो, पाय नको," म्हणायचे. लोकांना वाटायचं, काय हा माणसाचा विनय! मग ते आणखी हट्टाने वाकायचे. नानांच्या त्या आखडण्याचं खरं कारण दोंडाईच्यात कोणालाच ठाऊक नव्हतं. धुळ्यात मला होतं, कारण ते घडलं तेव्हा मी त्यांच्या शेजारच्या सीटवर बसलो होतो.

नानांचं दोंडाईच्याला मोटारपंपांचं दुकान, माझं धुळ्याला. दोघांकडे एकाच कंपनीचा माल. वयाने ते माझ्या वडिलांच्या जवळपासचे, पण कंपनीच्या मीटिंगला आम्ही एकाच खोलीत उतरायचो. डोक्यावर टोपी, अंगात पांढरा नेहरू शर्ट आणि पायजमा, आणि तोंडी एक ठरलेलं वाक्य: "जे घर सांगता येस नही, ते दखंच नही समजानं." म्हणजे जे घरी जाऊन सांगता येणार नाही, ते पाहिलंच नाही असं समजायचं. एकदा नाशिकला मीटिंग संपल्यावर काही मंडळी त्यांना 'जरा फिरून येऊ' म्हणून ओढायला लागली. नानांनी हे वाक्य टाकलं, टोपी उशाशी ठेवली आणि घोरायला लागले.

हे वाक्य नुसतं बोलायचं नव्हतं. मी एकदा त्यांच्याकडे जेवायला होतो तेव्हा पाहिलं. नानींना संधिवात. घराचा उंबरा ओलांडायचा तो एखाद्या लग्नासाठी, नाहीतर दवाखान्यासाठी. म्हणून नाना कुठूनही आले की चुलीजवळ पाट घेऊन बसायचे आणि सगळा प्रवास पहिल्यापासून सांगायचे. सुरुवात ठरलेली: "सकायमा गाडी वनी." सकाळी गाडी आली. मग गाडीत शेजारी कोण होतं, त्याच्या पिशवीत काय होतं, त्याची सून नांदते की नाही, सगळं. नानी भाकरी थापता थापता ऐकायच्या. एखादा टप्पा गाळला की लगेच पकडायच्या.

"मंग सोनगीर नही लागनं का?"

"लागनं ना. सोनगीरले गाडी पंक्चर व्हयनी."

"ते कसं काय नही सांगं?"

आणि नाना मागं जाऊन सोनगीरपासून पुन्हा सुरू करायचे. मला हसू आलं होतं. बाई बसल्या जागेवरून जिल्हा हिंडत होती.

नव्वदच्या सुमारास कंपनीने स्कीम काढली: जो डीलर इतक्या पाणबुडी मोटारी विकेल त्याला बँकॉकची सहल. केळीचा जोर होता, बोअर सगळीकडे होत होत्या, मोटारी हातोहात जात होत्या. आम्ही दोघंही स्कीममध्ये बसलो. पण बँकॉक हे नाव कसं आहे, तुम्हाला ठाऊकच आहे. आपल्याकडे ते नुसतं उच्चारलं तरी ऐकणारा डोळा मिचकावतो. माणूस तिथे जाऊन दिवसभर पोथी वाचत बसला असं शपथेवर सांगितलं तरी कोणी विश्वास ठेवणार नाही. शिवाय नानांच्या मुलीचं तेव्हा शिरपूरला जमत आलं होतं. होणारे व्याही सिमेंटचे व्यापारी, कडक माणूस. मुलीचा बाप बँकॉकला जाऊन आला हे कळलं तर बोलणी तिथेच थांबतील, या धास्तीने नानांनी सहल सोडूनच दिली होती.

मग जळगावच्या डीलरने युक्ती काढली. सगळ्यांनी घरी एकच सांगायचं: कंपनी रामेश्वर-कन्याकुमारीला नेते आहे. देवाचं नाव पुढे केलं की प्रश्न बंद. आम्ही माना हलवल्या. नानांची मान सगळ्यांत शेवटी हलली.

निघायच्या दिवशी नानींनी दशम्यांचा डबा भरून दिला आणि हात जोडून म्हणाल्या, "देवले सांगा, माले बी बलाय." मलाही बोलाव म्हणून सांगा. नानांनी हे मला विमानात सांगितलं आणि मुंबई मागं पडेपर्यंत खिडकीकडे तोंड करून बसले.

बँकॉकमध्ये एक पूर्ण दिवस शहर दाखवायचा होता. सकाळी हॉटेलच्या दारात गार हवेची बस आली, पण बरीचशी मंडळी झोपलेली होती. त्यांनी शहर आपापल्या सोयीने आदल्या संध्याकाळीच पाहून घेतलं होतं. बसमध्ये आम्ही पाच-सहा जण. पुढे हातात छोटी झेंडी घेतलेली एक पोरगी, तिचं इंग्रजी भराभर, आणि मी ते मोडकंतोडकं नानांना मराठीत सांगत होतो.

पहिल्याच देवळात, राजवाड्याच्या आवारात, नाना एका भिंतीसमोर थबकले. भिंतभर रामायण रंगवलेलं. पांढराशुभ्र मारुती, दहा तोंडांचा रावण, समुद्रात धोंडे टाकणारी वानरं.

"भो, हाऊ त सेतू शे!"

"सेतूच आहे नाना."

"म्हणजे काही खोटं नही व्हयनं. सेतू त दखा आपण." त्यांचा चेहरा सकाळपासून पहिल्यांदा जरा मोकळा झाला. भिंतीच्या कडेकडेने ते पार टोकापर्यंत चालत गेले. झेंडीवाली पोरगी मागे येऊन त्यांना घेऊन गेली.

मग तो झोपलेला बुद्ध. मी आजवर बरंच काही पाहिलं आहे, पण देवळात शिरल्यावर एवढा मोठा सोन्याचा चेहरा हाताची उशी करून आपल्याकडे बघतो आहे, असं पुन्हा कुठे पाहिलं नाही. एका टोकाला डोकं, चालत चालत गेलं की दुसऱ्या टोकाला पाय, आणि तळपायांवर शिंपल्यांचं असं नाजूक काम की पैठणीच्या पदरानं लाजावं. पाठीमागे भिंतीला लागून पितळी वाडग्यांची रांग. लोक चिल्लर घेऊन एकेका वाडग्यात एकेक नाणं टाकत पुढे जातात. सगळ्या देवळात नुसता टणटण नाद. नानांनीही चिल्लर घेतली. प्रत्येक नाणं टाकताना त्यांचे ओठ हलत होते. शेवटच्या वाडग्याशी ते आले तेव्हा डोळे भरलेले.

"सगळी तिनाच नाववर टाकी," ते म्हणाले. "पन आते हाई तिले सांगू कसं?"

मी म्हणालो, "सांगून टाका. त्यात काय वाईट आहे? देवळंच तर पाहतोय."

"देऊळ सांगसू. गाव कोणतं सांगू?"

दुपारी आम्हाला लांबुळक्या होडीत बसवलं. नदीकाठच्या एका देवळापाशी होडी थांबली. तिथे मासे मारत नाहीत, त्यांना खायला घालतात. लोक पावाचे तुकडे टाकत होते आणि हातभर मासे एकमेकांच्या अंगावरून उड्या मारत होते. नानांनी पिशवीतून डबा काढला आणि नानींच्या दशम्या कुस्करून पाण्यात टाकल्या. सगळ्या. दोंडाईच्याची दशमी मिटक्या मारत खाणारे ते मासे पाहून मी हसत होतो. नाना हसत नव्हते. रामेश्वरच्या वाटेवर खायला दिलेलं अन्न होतं ते, त्यांच्या घशाखाली उतरत नव्हतं.

परत मुंबईला आल्यावर मंडळींनी माटुंग्याच्या एका दक्षिणी देवळातून अंगारा आणि नारळ घेतले, घरी प्रसाद म्हणून द्यायला. नानांनी हात लावला नाही. "एक खोटं पुरे शे," म्हणाले.

पण एक खोटं कधी पुरतं का? दोंडाईच्याच्या स्टेशनवर मुलगा हार घेऊन उभा. घरासमोर रांगोळी. नानींनी मावंदं घातलं होतं! रामेश्वर करून आलेला माणूस, गल्लीला जेवण नको? उंबऱ्यावर पाट मांडलेला, तांब्यात पाणी. ज्यांना धड वाकता येत नव्हतं त्या नानी भिंतीला धरून, कण्हत खाली बसल्या आणि म्हणाल्या, "तुम्हीन देव दखी वनात. पाय धोवू द्या." पाय धुतले. मग गल्लीतली सगळी माणसं एकेक करून त्या पायांना लागली. शिरपूरहून आलेले होणारे व्याहीसुद्धा. नाना पाटावर पुतळ्यासारखे उभे होते, असं त्यांचा मुलगा मला नंतर कौतुकाने सांगत होता. त्याला वाटलं, समाधी लागली. पाय आखडायला सुरुवात झाली ती त्या दिवसापासून.

रात्री चुलीजवळ पाट मांडला गेला. "सकायमा गाडी वनी," नानांनी सुरुवात केली आणि दिसलं ते सगळं सांगितलं. मारुती, सेतू, आडवा पडलेला सोन्याचा देव, त्याच्या तळपायावरचे शिंपले, वाडग्यांचा नाद. फक्त गाव रामेश्वर. दशम्यांचं मात्र बोलले नाहीत. डबा रिकामा पाहून नानी खूश झाल्या, एवढंच.

आणि त्या आडव्या देवाने नानींना वेड लावलं. गल्लीतल्या बाया जमल्या की त्या सांगायला बसायच्या, नानांपेक्षाही रंगवून. नानांचं नाव 'रामेश्वरवाले नाना' पडलं. रोज रात्री गुडघ्यांना तेल चोळताना नानी म्हणायच्या, "गुडघा जरासा चालाले लागनात ना, माले बी ली चला. तो आडा पडेल देव दखना शे."

माझं बिंग आठवड्यात फुटलं होतं. पिशवीत परदेशी सेंटची बाटली सापडली, बायकोने चार दिवस अबोला धरला, पाचव्या दिवशी तेच सेंट लावून लग्नाला गेली. संपलं प्रकरण. नानांचं तसं नव्हतं. ते धुळ्याला आले की दुकानात चहा होईपर्यंत गप्प बसायचे आणि मग हळूच विचारायचे, "सांगी टाकू का रे तिले?"

"सांगा ना नाना."

"पोरनं लगीन होई जाऊ दे."

लग्न झालं. मग मुलीचं पहिलं बाळंतपण होऊ दे. मग दिवाळी होऊ दे, सणासुदीला नको. मी चिडून एकदा म्हणालो, "नाना, त्या बाईला तुम्ही काय समजता? फार तर दोन शिव्या देईल."

"शिव्या दी त बरं," ते म्हणाले. "पन पुढे मी काही बी सांगसू, त ती इचारी, हाई तरी खरं शे का? तिना जगमा मीच एक खिडकी शे रे भो."

चहा थंड झाला होता, मी दुसरा मागवला.

नानी गेल्या त्या साध्या तापाने. दहाव्याला मी सकाळच्या बसने दोंडाईच्याला गेलो. नदीकाठी मुलाने पिंड ठेवला. बाभळीवर कावळे भरपूर होते, पण एकही खाली येईना. असं झालं की जे करतात ते सगळ्यांनी केलं. मुलगा पुढे होऊन म्हणाला, नानांना सांभाळीन. मुलगी रडत म्हणाली, भावाशी भांडणार नाही. कोणीतरी म्हणालं, घराचा वरचा मजला बांधू. कावळे बाभळीवरच. ऊन चढायला लागलं. कोणीतरी कुजबुजलं, "रामेश्वर राहून गेलं त्यांचं." मुलगा लगेच मोठ्याने म्हणाला, "आई, मी नानांना घेऊन रामेश्वरला जातो, तुझ्या नावाने आडव्या देवाचं दर्शन घेतो."

तेव्हा नाना उठले. मी त्यांचा हात धरायला गेलो, त्यांनी तो बाजूला केला. पिंडासमोर जाऊन ते मांडी घालून खाली बसले, चुलीजवळ बसायचे तसे.

"मी रामेश्वरले गयथूच नही," ते म्हणाले. "तो देव तठे नही शे. मी बँकॉकले गयथू. तुले खोटं सांगं."

माणसं एकमेकांकडे पाहायला लागली. बँकॉक ऐकून एकदोघांचा हात सवयीने हसू दाबायला तोंडावर गेला. मी व्याह्यांकडे पाहिलं. ज्यांच्या धाकाने हे सगळं झालं, ते व्याही स्वतःच्या चपलांकडे बघत होते. सिमेंटच्या कंपनीने मागच्या वर्षी त्यांना कुठे नेलं होतं आणि त्यांनी घरी तिरुपती सांगितलं होतं, हे व्यापारात सगळ्यांना माहीत होतं.

"आते पहिलापाईन सांगस," नाना म्हणाले. "आयक. सकायमा गाडी वनी. आगे एक पोर, तिना हातमा झेंडी."

आणि त्यांनी तो सबंध दिवस सांगायला घेतला. घाई नाही, कोणाची पर्वा नाही. पांढरा मारुती झाला. सेतू झाला. आडव्या देवाच्या डोक्यापासून पायापर्यंत ते चालत गेले, एकेका वाडग्यात नाणं टाकलं, प्रत्येक वेळी तिचं नाव घेतलं. मध्येच थांबून म्हणाले, "गाव खोटं व्हतं. देव खरा शे." मग होडीत बसले. डबा उघडला. "तुनी दशमी मी खादी नही. माले गोड लागनी नही. मासासले टाकी. इतला इतला मासा," त्यांनी हाताने माप दाखवलं, "उड्या मारी मारी खायेत."

मागे उभ्या असलेल्या बायांमधून हुंदका आला. मीही मान खाली घातली, म्हणून कावळा केव्हा उतरला ते मला दिसलं नाही. पाहिलं तेव्हा तो पिंडावर चोच मारून उडतही होता. नानांची नजर नदीच्या पाण्याकडे होती. त्यांना काहीच कळलं नव्हतं, ते बोलतच होते.

गुरुजी घाईने पुढे आले. "शिवला, शिवला. उठवा त्यांना, आंघोळी करून घ्या."

मी त्यांना हाताने थांबवलं. म्हणालो, "जरा थांबा, गुरुजी. त्यांची होडी अजून नदीतच आहे."