तीन ढालकरी

आमच्या बस डेपोत माझी चौकशीची खिडकी आणि तिच्या शेजारी 'हरवलं-सापडलं'ची. मधे प्लायवूडचा एक आडोसा, तोही अर्धाच. त्यामुळे शेजारच्या खिडकीत ताई पेन्सिलीला टोक करत असल्या तरी मला कळायचं. डेपोत त्यांना सगळे पावतीताई म्हणत. कुणी एक बटण आणून दिलं तरी त्या पावती फाडणार, बटणाला चिठ्ठी बांधणार आणि ते फळीवर ठेवणार. एकदा एका कंडक्टरने गंमत म्हणून रिकामी काडेपेटी आणून दिली. ताईंनी पावती केली आणि 'आत काड्या नाहीत' असंही लिहिलं. त्या कंडक्टरने पुन्हा गंमत केली नाही.

ताई एकट्या. म्हणजे लग्न केलं नव्हतं, पण धाकट्या बहिणीची मुलगी सहा वर्षांपासून त्यांच्याकडे राहात होती. ही भाची औषधांच्या गोदामात खोकी भरायच्या कामाला होती. हुशार, बडबडी आणि मोबाइलवरच्या एका मारामारीच्या खेळाची भलतीच नादी. तिनेच सकाळच्या चहाच्या वेळी ताईंना तो खेळ दाखवला. दहा मिनिटांचा डाव. आपण तीन पात्रं निवडायची, जगभरातून कोण कोण खेळायला येणार, समोरून शत्रू येणार. शत्रू मेला की त्याच्याजवळचं काहीतरी खाली पडणार. ते उचललं की आपलं. तलवार, बूट, खडे, काय वाट्टेल ते. त्याला हे खेळणारे लूट म्हणतात.

"तू नुसती बदडत सुटतेस," आठवडाभर बघून ताई भाचीला म्हणाल्या, "पण पडतंय किती, ते बघतेस का?"

"मावशी, जास्त मारले की जास्त पडतं. साधा हिशेब."

"तसं नाहीये. मी लिहून ठेवलंय."

खरंच लिहून ठेवलं होतं. सव्वीस वर्षं लोकांनी काय टाकलं ते लिहिणारी बाई, इथे काय गप्प बसणार! पात्रांची परकी नावं तोंडात बसेनात, म्हणून ताईंनी आपली नावं ठेवली. आडदांड कुऱ्हाडवाला तो दांडगा. जखमा भरून काढणारी वैदीण. मोठी ढाल घेऊन एका जागी ठाण मांडणारा ढालकरी. तो मारत नाही, नुसता अडवतो. आणि यादीच्या तळाशी एक होती, अंगाने काडी, डोक्यावरून राखाडी फडकं, तोंड दिसत नाही, हातात शस्त्र नाही. तिला कोणी निवडतच नसे. ताईंनी तिचं नाव ठेवलं वेची. कारण ताईंच्या वहीत स्पष्ट दिसत होतं: ही मैदानात नुसती उभी असली तरी दुप्पट माल पडतो.

एक दांडगा आणि दोन वेची घेतल्या, तर तिप्पट. भाची खूश. गोदामातल्या मैत्रिणी तिला विचारू लागल्या, युक्ती काय म्हणून. ताईही खुलल्या होत्या. माझ्या खिडकीशी येऊन मला समजावून सांगायच्या, आणि मला एक अक्षर कळत नसताना मी मान डोलवायचो.

मग एका रविवारी सकाळी ताईंनी तिन्ही जागी वेची घेतल्या.

"हरणार आपण," भाची म्हणाली.

हरल्या नाहीत. काय झालं ते ताईंनी मला नंतर सांगितलं, आणि सांगताना त्यांचा आवाज पावती वाचतात तसा सपाट होता. शत्रू आले, पण धावून आले नाहीत. चालत आले. तिघी वेची उभ्या होत्या, त्यांच्यासमोर येऊन ते एकेक करत भिंतीला टेकून खाली बसले. गाडी यायला उशीर आहे म्हटल्यावर लोक फलाटावर बसतात ना, तसे. मारावं लागलंच नाही. थोड्या वेळाने एकाची मान कलली आणि त्याच्या हातातून एक छत्री घरंगळली.

काळी छत्री. मुठीला लाकडी पोपट, पोपटाची चोच तुटलेली.

"असलं काही यांच्या यादीत नाहीये," भाची म्हणाली. तिला वाटलं, दुर्मीळ माल असेल. उचलला.

गुरुवारी एका कंडक्टरने ताईंच्या खिडकीत छत्री आणून ठेवली. मी पाहिली. मुठीला पोपट, चोच तुटलेली. ताईंनी पावती केली, पण चिठ्ठी बांधताना त्यांची गाठ दोनदा सुटली.

योगायोग म्हणून मी सोडून दिलं असतं. ताईंनीही सोडलं असावं, कारण पुढचे तीन आठवडे दर रविवारी दोघी तीन वेची घेऊन खेळत राहिल्या. एक पितळी पट्ट्यांची सुताराची घडीची मोजपट्टी पडली. एक चष्मा, काडीला दोरा गुंडाळलेला. डाव्या हाताचा तपकिरी मोजा. एकूण अकरा वस्तू. आणि अकराच्या अकरा, चार-पाच दिवसांच्या आत, आमच्या डेपोतल्या फळीवर आल्या. फळी भरून गेली. झाडूवाल्या बाई म्हणाल्यासुद्धा, "लोकांचं डोकं कुठं असतं हल्ली?"

एरवी वस्तूचा मालक धापा टाकत येतो, निदान फोन तरी करतो. या अकरांसाठी कोणीच आलं नाही.

शेवटी ताईंनी छत्री आणणाऱ्या कंडक्टरला थांबवून विचारलं, "ही कुणाची होती, आठवतंय?"

"न आठवायला काय झालं? टायपिंगचे मास्तर. रोजचे. त्या दिवशी शेवटच्या थांब्याला उठवायला गेलो तर..." त्याने हात हलवला. "मागच्या सीटवर, खिडकीला टेकून. झोपलेत असंच वाटलं हो. अँब्युलन्स आली, माणसाला नेलं, छत्री राहिली."

ताईंनी मग चष्म्याची चौकशी केली. मोजपट्टीची केली. मोज्याची केली. मी त्यांना फोन ठेवताना बघत होतो. दर वेळी रिसीव्हर अगदी हळू ठेवायच्या, जणू पलीकडे कोणी झोपलंय.

"माणूस मेला की पडतं," त्या मला म्हणाल्या. "खेळाचा नियमच आहे तो. आणि जास्तीत जास्त कसं पडेल, ते मी शोधत बसले होते."

"ताई, काहीतरीच काय? तुम्ही मोबाइलवर बोट फिरवल्याने कोणी मरतं होय?"

"मग आधी कसं दिसतं मला?"

माझ्या खिडकीवर कोणीतरी गाडीची वेळ विचारली, मी तिकडे वळलो.

त्या आठवड्याच्या रविवारी, आता बंद करायचं हे सांगायला त्या भाचीच्या खोलीत गेल्या, तर तिने डाव लावलेला होता. तीन वेची. ताई पोहोचल्या तेव्हा भिंतीशी एकच आकृती बसलेली होती, बाकी मैदान रिकामं. तिची मान कलली. मांडीवरून काहीतरी खाली पडलं.

स्टीलचा डबा. झाकणाला पोचा, आणि पोच्याजवळ नेलपॉलिशचा लाल ठिपका.

"अय्या, सेम माझा डबा!" भाची हसली. गोदामात डब्यांची अदलाबदल होते म्हणून तिने स्वतःच तो ठिपका लावला होता.

"उचलू नकोस."

"अगं पण..."

"हात लावू नकोस म्हणते ना!"

ताई कधी ओरडत नसत. भाचीने बोट मागे घेतलं. वेळ संपेपर्यंत तो डबा तसाच पडून होता आणि तिन्ही वेची त्याच्याभोवती वाकून उभ्या होत्या.

सोमवारी सकाळी ताईंनी खरा डबा कपाटात कुलपात टाकला आणि भाचीला म्हणाल्या, बसने जाऊ नकोस, कामावरच जाऊ नकोस. त्यांनी कारण सांगितलं तेव्हा भाची आधी हसली, मग चिडली. "डेपोत नोकरी करणारी तू, आणि मला बसने जाऊ नको म्हणतेस? खाडा झाला तर मुकादम माझी जागा दुसरीला देईल." ताई अंघोळीला गेल्या तेवढ्यात तिने किल्ली शोधली, कारण दुसरा डबा गळत होता. डबा घेऊन ती निघून गेली.

ताई कामावर आल्या त्या मोबाइल हातात धरूनच. सव्वीस वर्षांत पहिल्यांदा मी त्यांची खिडकी बंद पाहिली. प्लायवूडवरून वाकून बघितलं, तर त्या डाव लावून बसल्या होत्या.

"आता काय हे?"

"वहीत दुसरं टोकही आहे ना," मान वर न करता त्या म्हणाल्या. "तीन ढालकरी घेतले तर काहीच पडत नाही. कोणी मरतच नाही. दहा मिनिटं नुसतं थोपवायचं."

पडद्यावर तीन रुंद पाठी एकमेकींना चिकटून उभ्या होत्या. समोरून लोंढा येत होता, ढालींवर आपटून मागे जात होता. दहा मिनिटं झाली. ताईंनी पुन्हा तेच तिघे निवडले. पुन्हा. भाचीचा फोन लागत नव्हता. माझ्या खिडकीवर लोक खोळंबले होते, त्यांना मी कुठली गाडी कुठे सांगितली, देव जाणे.

अकराच्या सुमाराला खिडकीची काच वाजली. कंडक्टरने काउंटरवर डबा ठेवला. झाकणाला लाल ठिपका.

ताईंचं बोट थांबलं नाही. मीच विचारलं, "कुणाचा?"

"एका मुलीचा. मागच्या सीटवर बसली होती. पांढरी फटक पडलेली. मधल्याच थांब्याला उतरली, डबा विसरली."

"उतरली? चालत?"

"हो तर. धडपडत, पण चालत."

त्यानंतरचा दीड तास वैऱ्याच्याही वाट्याला येऊ नये. ताईंनी नऊ डाव खेळले. घोटभर पाणी प्यायल्या नाहीत. साडेबाराला भाची खिडकीसमोर येऊन उभी राहिली, तोंडावर पाणी मारलेलं, केस ओले, ओढणीही ओली.

"मावशी, माझा डबा राहिला बसमध्ये."

ताईंनी मोबाइल उलटा ठेवला. रजिस्टर पुढे ओढलं. पेन उघडलं.

"ओळखीची खूण?"

"मावशी, अगं मी..."

"ओळखीची खूण सांगा."

"झाकणावर लाल ठिपका. नेलपॉलिशचा."

"इथे सही करा. पूर्ण."

भाचीने सही केली. मग ताईंनी डबा तिच्या हातात दिला, आणि तिचा हात काही केल्या सोडेनात.

भाचीने काय सांगितलं, ते मी माझ्या कानांनी ऐकलं. बसमध्ये तिच्या छातीवर ओझं आल्यासारखं झालं. डोळ्यांवर अंधारी आली. कोणीतरी बारीक बाई समोर उभी राहून ओंजळ पुढे करते आहे असं वाटलं, काही मागावं तशी. मग आजूबाजूचे तीन जण उठले आणि तिच्यापुढे येऊन उभे राहिले, तिच्याकडे पाठ करून. "चांगले धिप्पाड होते. मला वाटलं, गर्दी अंगावर येऊ नये म्हणून आड उभे राहिलेत. उतरेपर्यंत हलले नाहीत. त्यांना थँक्यूसुद्धा म्हणायचं राहिलं गं."

कंडक्टर अजून डेपोतच होता. मी त्याला बाजूला घेऊन विचारलं. तो म्हणाला, "मागे कुठली गर्दी? सगळी मागची बाजू रिकामी होती. ती एकटीच बसली होती."

हे मी त्या दोघींना सांगितलं नाही. बरेच दिवस सांगितलं नाही.

पुढे डॉक्टरांनी भाचीच्या हृदयात जन्मापासूनचा एक दोष असल्याचं शोधून काढलं. औषधं सुरू झाली, ती बरी आहे. फळीवरच्या अकरा वस्तू ताईंनी सुट्टीच्या दिवशी एकेक करून घरोघरी नेऊन दिल्या. टायपिंगच्या मास्तरांच्या बायकोने छत्री घेतली, पोपटाच्या तुटक्या चोचीवरून अंगठा फिरवला आणि ताईंना आत बोलावून चहा दिला. ताईंनी तिच्याकडूनही सही घेतली.

खेळ मात्र त्यांनी सोडलेला नाही. रोज दुपारी डबा खाऊन झाला की एक डाव, तीन ढालकरी. त्यांच्या खात्यात गेल्या कित्येक महिन्यांत लुटीचा एक खडा पडलेला नाही, आणि जगभरातले खेळणारे त्यांना नाही नाही ते बोलतात. परवा त्या डोळे तपासायला जाणार होत्या, म्हणून मोबाइल माझ्याकडे दिला. "दुसऱ्या कुणाला निवडायचं नाही," एवढंच बजावलं.

मी यादी उघडली. ढालकरी वरच असतात, तळाशी जायची गरज नव्हती. तरी गेलो. बाकीची सगळी पात्रं चित्रात सरळ उभी असतात. राखाडी फडकेवाली जराशी पुढे वाकलेली होती, ओंजळ धरून. मी घाईघाईने वर आलो, तीन ढालकरी निवडले, आणि माझ्या खिडकीपुढे रांग लागलेली असताना पूर्ण दहा मिनिटं नजर हलवली नाही.