धुऱ्यापलीकडचे गोटे

अकोल्यात घरासमोर ट्रॅक्टरनं पायाचे दगड ओतले आणि तापल्या दगडाचा वास आला. तशी मी मनानं थेट बाळापूरकडच्या आमच्या बरड वावरात पोचले. दर उन्हाळ्यात आई आणि मी तिथले गोटे वेचून धुऱ्यावर, म्हणजे बांधावर, रचायचो. एका दुपारी कंटाळून मी ते धुऱ्यापलीकडे, गंगाकाकूच्या वावरात भिरकावले. आईनं पाहिलं.

"काहून फेकले? जाय, आपले उचलून आन."

"आपले कोनते, कसे वळखू?"

"नाई वळखू येत त सारेच उचल."

दिवस बुडेपर्यंत काकूचा तो पट्टा साफ झाला. माझ्या हातांची सालटी निघाली होती, आईचा भयंकर राग आला होता. आता कुणाशी भांडण झालं आणि त्यात माझी चूक नेमकी किती हे कळेना, की मी सारीच उचलते. हात तेव्हापासून तयार आहेत.