बिडाच्या तोफेसाठी चऱ्होली ते चाकण

जायचं होतं इंग्लंडला, गेले चाकणला. हसू नका, सांगते.

इंग्लंडच्या एका बंदरात समुद्राच्या तळातून वर काढलेलं जुनं लढाऊ जहाज ठेवलंय. यांना ते पाहायचं होतं. निवृत्तीनंतर जाऊ, मुलीचं लग्न झाल्यावर जाऊ, माझ्या गुडघ्याचं ऑपरेशन झाल्यावर जाऊ, असं करता करता गेल्या श्रावणात हेच गेले. दोघांचे पासपोर्ट कपाटात कोरे पडलेत.

हे पॅटर्नमेकर होते. म्हणजे लोखंडाची वस्तू ओतण्याआधी तिचा लाकडी नमुना करणारे. त्या नमुन्यावरून वाळूत साचा होतो आणि साच्यात रस ओततात. पस्तीस वर्षं पिंपरीच्या कंपनीत हेच काम केलं, आणि घरी जेवताना इंग्रजांच्या आरमारावर व्याख्यान. "अगं, आरमार जहाजांनी होत नाही, फाउंड्रीनं होतं!" पंचरसी, म्हणजे तांब्याच्या मिश्रधातूच्या तोफा महाग, राजेरजवाड्यांनाच परवडणाऱ्या. इंग्रजांनी बिडाच्या, म्हणजे ओतीव लोखंडाच्या तोफा ओतायचं तंत्र साधलं. त्या जड, पण स्वस्त. त्यामुळे व्यापाऱ्यांच्या गलबतांवरही चढल्या. इतरांचे तोफेचे गाडे जमिनीवरच्यासारखे लांब शेपटीचे, तर इंग्रजांचे चार बुटक्या चाकांचे. तोफ आत ओढा, भरा, पुन्हा बाहेर ढकला. तीच माणसं पुढे आपल्या सुरतेला येऊन टेकली. मी भाजी वाढता वाढता "बरं" म्हणायचे. एखादा तरी प्रश्न विचारायला हवा होता, असं आता फार वाटतं.

आजारपणात यांनी एक शेवटचं काम केलं. जहाजाच्या कुशीचा सागवानी तुकडा, त्याला तोफेचा झरोका, मागे चार चाकांचा गाडा आणि वीतभर तोफेचा लाकडी पॅटर्न. तोफ खऱ्या बिडाचीच हवी होती, ती ओतायची राहिली. त्यात मला एक गोष्ट सारखी खुपत होती. पॅटर्न गाड्यावर बसत नव्हता. अगदी थोडक्यासाठी अडायचा. ज्यांच्या कामात कधी केसाचा फरक निघाला नाही, त्यांचं शेवटचं काम चुकलं होतं. हात थकला असणार. हे मी मुलीलाही सांगितलं नव्हतं.

मंगळवारी सकाळी सगळा ऐवज कापडी पिशवीत घालून निघाले. चऱ्होलीहून भोसरीला शेअर रिक्षा मिळते, पण शिफ्ट सुटायच्या वेळी जाऊ नका, उभं राहायलाही जागा नसते. भोसरीत बालाजीचं लेथचं वर्कशॉप आहे. मूळचा लातूरकडचा, यांची किरकोळ कामं तोच करायचा.

"काकू, पितळंची टर्न करून देतो की! दुपारपर्यंत घ्या."

"बिडाचीच हवी रे."

त्याने पॅटर्न गाड्यावर टेकवून पाहिला. "हे मोठं झालंय बगा. दोन मिनटात घासून देतो." आणि सँडर चालूही केला.

मी पॅटर्नवर हात ठेवला. चुकलं तर चुकलं, पण यांच्या हातचं लाकूड माझ्यासमोर कुणी घासू नये असं वाटलं. बालाजीने मशीन बंद केली, चहा मागवला आणि चाकणच्या गेनूभाऊंचा पत्ता दिला. गेनूभाऊ मूळचे तिथलेच, यांच्याच कंपनीत मोल्डर, म्हणजे वाळूचे साचे करणारे होते, आता स्वतःची छोटी फाउंड्री चालवतात.

भोसरीहून चाकणची सिटी बस मिळाली. मोशीपर्यंत ठीक, पुढे कंपन्यांच्या बस आणि ट्रक यांच्यामधून गाडी मुंगीच्या पावलाने. पाऊण तास जास्तीचा धरूनच निघा. पिशवीतून डोकावणारा झरोका पाहून शेजारच्या बाई म्हणाल्या, "कुठल्या मंडळाचं डेकोरेशन?"

"मंडळाचं नाही. इंग्रजांचं आरमार आहे."

"अगंबाई! आन् बसवणार कुठं?"

हे असते तर त्यांना चाकणपर्यंत व्याख्यान मिळालं असतं. मी झरोका पिशवीत आत सारला.

चाकणला उतरलं की कांद्याचा वास आधी येतो. चौकात ऐंशी रुपयांत झणझणीत मिसळ खाल्ली (तर्री वेगळी मागा) आणि रिक्षाने फाउंड्री गाठली. गेनूभाऊंनी पॅटर्न उलटासुलटा केला, गाड्यावर धरला आणि हसले. मला राग आला.

"चुकलंय ना त्यांचं?" मी विचारलं.

"चुकतंय कुठलं, वैनी! इकडं बगा." त्यांनी दोन स्टीलच्या पट्ट्या शेजारी शेजारी धरल्या. एकीच्या खुणा दुसरीपेक्षा किंचित लांब होत्या. "ही आमची आकसाची पट्टी. रस गार झाला की बीड आकसतं, म्हनून पॅटर्न तेवढा मोठा धरायचा. वर घासायला बी थोडं जास्त ठिवलंय. गाडा मातर साध्या पट्टीनं केलाय."

"म्हणजे हात थकला नव्हता?"

"आवो, आजारी मानसानं दोन दोन पट्ट्या घिऊन काम केलंय, आन् कुटं गल्लत न्हाई."

मी तिथेच वाळूच्या ढिगाशेजारी रडले. गेनूभाऊ शहाणे, ते साचा करायला वळले.

त्या दिवशी पंपाचे भाग ओतायचे होते, त्यातच त्यांनी माझी तोफ ओतून घेतली. नारिंगी रस साच्यात उतरला तेव्हा ज्यांनी पाहायचं तेच नव्हते. थंड व्हायला तीन तास लागले. मग वाळू झाडली, कानस फिरवली आणि तोफ गाड्यावर ठेवली. ती अलगद बसली. गेनूभाऊंनी बोटाने ढकलली, तशी चाकं फिरली आणि तोंड झरोक्याबाहेर आलं.

"काय द्यायचं?" म्हटलं तर म्हणाले, "सायबांचं काम हाय. पॅटर्न तेवढा विसरू नका."

दिवेलागणीला घरी पोचले. समुद्र काही दिसला नाही, त्या जहाजाची ओढ तशीच आहे, आणि सोबत कुणी नसताना एकटीने तिकडे जावं की नाही हे अजून ठरत नाही. जेवणाच्या टेबलावर लाकडी तोफ आणि बिडाची तोफ शेजारी ठेवल्या. लाकडी किंचित मोठी. कंपनीत नवं कास्टिंग ओतलं की फाउंड्रीतून यांना घरी फोन यायचा. हे ना नमस्कार ना चमत्कार, एकदम विचारायचे, "बसलं का?" मग शांतपणे जेवायला बसायचे.

मी ताट वाढून घेतलं आणि रिकाम्या घरात मोठ्याने सांगितलं, "अहो, बसली."