कुलूपकाकांची पुसलेली ओळ

आमच्या जिन्यात बातमी होती, की समोरचे कुलूपकाका साठी उलटल्यावर कुणाच्या तरी प्रेमात पडलेत. रोज सकाळी दुकानाचं शटर अर्धंच वर करतात, वाकून आत शिरतात आणि कॉम्प्युटरसमोर निरोपाची वाट बघत बसतात. बातमी मीच पसरवली होती, तेव्हा मागेही मीच घेतो. ते लेकीची वाट बघतात.

नऊ वर्षांपूर्वी बापलेकीचं कडाक्याचं भांडण झालं. रागाच्या भरात काकांनी घराचं कुलूप बदललं. ती आली, किल्ली लागेना, आल्या पावली गेली. दुकानाची वेबसाइट आणि मेलचा पत्ता तिनेच करून दिलेला. त्या पत्त्यावर दर वर्षी काकांच्या वाढदिवसाला एक ओळ यायची, 'बरी आहे.' दर वेळी नव्याच खात्यावरून. काका उत्तर पाठवायचे, पण तिकडून पुढे चकार शब्द नाही.

यंदा काकांनी वेबसाइट दुसऱ्या कंपनीकडे हलवली. वेबसाइटच्या नावामागे रेकॉर्डची एक यादी असते. एक ओळ सांगते, वेबसाइट कुठल्या मशीनवर आहे. दुसरी सांगते, त्या नावाने आलेली मेल कुठे पोचवायची. कंपनीतल्या बाईंनी फोनवर बजावलं होतं, "पहिल्या ओळीतला आकडा तेवढा बदला, बाकी कशाला हात लावू नका."

पण काका पडले कुलूपवाले. नवं कुलूप बसवलं की जुन्या किल्ल्या गिऱ्हाइकाच्या देखत मोडायच्या, हा चाळीस वर्षांचा शिरस्ता. त्यांनी नवा आकडा टाकला आणि जुन्या ओळी एकूण एक पुसल्या.

वेबसाइट झकास उघडली. मला हाक मारून दाखवली. मी म्हटलं, "काका, फोटोत तुम्हीच कुलूप फोडून आल्यासारखे दिसताय!" पोट धरून हसले. मेल येईना, तर म्हणाले, सध्या धंदाच थंड आहे.

बाराव्या दिवशी एक गिऱ्हाईक तणतणत आलं. "अहो, तुम्हाला पाठवलेली मेल परत येते! असा पत्ता इथे नाही म्हणते!"

काका कॅलेंडरकडे बघत राहिले. वाढदिवस होऊन पाच दिवस झाले होते.

ओळ परत टाकायला दोन मिनिटं लागली. मधल्या दिवसांत कुणाची मेल परतली, ते कंपनीला विचारलं. "तशी नोंद आम्ही ठेवत नाही हो, काका," बाई म्हणाल्या.

आता रोज सकाळी काका ती यादी उघडतात, मेलच्या ओळीवर बोट ठेवून अक्षर न् अक्षर वाचतात, मग मेल बघतात. परवा मला राहवलं नाही. म्हटलं, "एवढं काय तोंड पाडून बसता? लेक तुमच्याच वळणाची हट्टी. एकदा मेल परत आली, तर दुसऱ्यांदा पाठवेल."

काकांनी चष्मा काढला.

"एकदा आली, तेव्हा किल्ली लागली नाही. दुसऱ्यांदा आली असेल, तर आतून सांगितलं, असं कोणी इथे राहत नाही. तुम्ही आला असता तिसऱ्यांदा?"