ग्रहणांचं कोरं पान

इंदापूरचे रामहरी जोशी पंचांग हाताने लिहीत. दरवर्षी गुढीपाडव्याआधी पंधरा-वीस प्रती तयार होत आणि डाळजपासून काटेवाडीपर्यंतची माणसं त्या घेऊन जात. सगळे त्यांना तात्या म्हणत. उतारवयात त्यांना मोतीबिंदू झाला, तेव्हा दर रविवारी त्यांच्या पाटीवरच्या बेरजा तपासायला मी जाऊ लागलो. मी वालचंदनगरला हिशेबनीस. आकाशातलं मला काही कळत नसे, बेरीज कळत असे.

तात्यांची रीत आजोबांकडून आलेली. एका ठरावीक दिवसापासून आजवर किती दिवस गेले ते काढायचं, त्यावरून सूर्य-चंद्राच्या जागा, आणि दोघांत बारा अंशांचं अंतर वाढलं की एक तिथी. कोष्टकं सगळी पाठ. ती आता आकाशाशी जुळत नाहीत असं कोणी म्हणालं, तर तात्या हसत. "आकाश कुठं जातंय? त्यांचीच बेरीज चुकली असेल."

१९९५ साली लक्ष्मीपूजनाच्या दुसऱ्या दिवशी सकाळी सूर्यग्रहण होतं. छापील कॅलेंडरातली वेळ तात्यांच्या वेळेपेक्षा अडतीस मिनिटं आधीची. डाळजचे आबाजी दोन्ही कागद घेऊन आले. त्यांची सून पहिलटकरीण. ग्रहण लागल्यावर तिने काही चिरायचं-कापायचं नाही, एका जागी बसून राहायचं, म्हणून त्यांना वेळ नेमकी हवी होती.

तात्यांनी माझ्याकडून सगळं गणित पुन्हा तपासून घेतलं. दोन रविवार गेले. एकही चूक निघाली नाही, आणि तसं मी आबाजींसमोर सांगितलं. तात्यांच्या पत्नी द्वारकाबाई म्हणाल्या, आधीची वेळ धरली तर बिघडलं कुठं?

"मग माझ्याकडं आलात कशाला?" तात्या आबाजींना म्हणाले.

आबाजींनी कॅलेंडरचं पान घडी करून खिशात घातलं. "तुमचंच धरतो, तात्या. त्या कॅलेंडरवाल्याला आमची सून ठावं हाय का?"

ग्रहणाच्या सकाळी आम्ही अंगणात परातीत शेण कालवलेलं पाणी ठेवून बसलो. कॅलेंडरातली वेळ झाली आणि पाण्यातल्या सूर्याची कड खाल्ल्यासारखी दिसू लागली. तात्यांना ती कड दिसत नव्हती.

"लागलं का?"

"लागलं."

त्यांनी घड्याळ विचारलं. मग म्हणाले, "नीट बघा." मी तीनदा बघितलं.

दुपारी आबाजी आले. ओट्यावर बसले नाहीत. आवाजही चढवला नाही.

"इळीवर बसली व्हती, तात्या. भोपळा चिरत."

पौषात सुनेला मुलगी झाली, धडधाकट. पण तोवर त्या घरात कोणी सुखाने झोपलं नव्हतं. नावाचं अक्षर काढायला आबाजी तात्यांकडे आले नाहीत. छापील पंचांग बघून त्यांनी सुकन्या नाव ठेवलं, हे मला बाजारात कळलं. बातमी गावोगाव गेली होती. माघात नव्या प्रती सांगून ठेवायला कोणी आलं नाही.

पुढच्या गुढीपाडव्याला तात्यांचं वर्षफळ ऐकायला द्वारकाबाई आणि मी, दोघंच. प्रत एकच होती. ती चाळताना ग्रहणांचं पान कोरं दिसलं. गणित राहिलंय, पाटी आणतो, असं म्हणून मी उठलो.

"राहू द्या," तात्या म्हणाले. "तुमची बेरीज बरोबरच येईल."