कंप्युटरची आग

पडद्यामागच्या गोष्टी दाखवणारे माहितीपट मी आवडीने बघते. बोईसरच्या कारखान्यात माल तपासायची नोकरी करते, त्यामुळे तयार मालापेक्षा तो कसा बनला यातच मला जास्त रस. नटी रडायला लागली की मी चहा ठेवायला उठते. तिच्या डोळ्यांत ग्लिसरीन घालताना दाखवलं की बसून बघते.

काही वर्षांपूर्वी आमच्या नवापूरच्या किनाऱ्यावर एका चित्रपटाचं शूटिंग झालं. त्यांच्यातल्या एकाने बाबांची जुनी होडी विकत मागितली. बाबांची अट एकच, हिला जाळायचं नाही. जिने घर जेवू घातलं तिची फळी ते चुलीतसुद्धा घालू देत नाहीत. तो माणूस हसून म्हणाला, "बाबा, आजकल आग कंप्यूटर में लगती है।"

चित्रपटात होडी धडाधडा पेटली. आईने डोळ्याला पदर लावला. बाबा मात्र आजूबाजूच्या खुर्च्यांना समजावत होते, "कंप्युटर हाय तो." पुढे गावात कोणीही विषय काढला की हेच उत्तर.

यंदा तो चित्रपट कसा केला याचा माहितीपट आला. मी तो आधी मोबाइलवर पाहिला. आम्ही खोटी आग वापरलीच नाही, असं दिग्दर्शक छाती फुगवून सांगत होता. मला त्याचा भयंकर राग आला. बाबांना हे कळू द्यायचं नाही, असं मी ठरवून टाकलं. पण रविवारी घरी गेले तर टीव्हीवर तेच चालू. आपला किनारा दिसतो म्हणून आईनेच लावलेलं. नेट गेल्याचं नाटक करावं म्हणून मी उठले, तर बाबा म्हणाले, "बस गं. बगू दे."

होडीत डिझेल ओतलं. पेटता बोळा टाकला. मग सगळ्यांनी टाळ्या वाजवल्या. बाबा टीव्हीजवळ सरकून बसले होते. होडीच्या बुडाकडे बोट दाखवत म्हणाले, "वरनं सगली जलली, पन आत पानी नाय घेतलं तिनं."

संध्याकाळी शेजारचे काका ओट्यावर आले. सुनेने त्यांना मोबाइलवर काहीतरी दाखवलं होतं. "तुजी होडी खरीच जालली का रं?" त्यांनी विचारलं. आई माझ्याकडे बघायला लागली.

बाबा बशीत चहा ओतत होते. मान वर न करता म्हणाले, "नाय रं. कंप्युटर हाय तो."