गावंडे सरांची बिअर कोणती?

आज आयुष्यात पहिल्यांदा मी बिअर विकत घेतली.

आणि हो, मंगरूळपीरमध्येच घेतली. उद्या दुसऱ्या कोणाकडून कळण्यापेक्षा माझ्याकडूनच कळलेलं बरं.

आमच्या ह्यांना जाऊन आज वर्ष झालं.

सकाळी वर्षश्राद्ध होतं. पानावर त्यांच्या आवडीचं सगळं वाढलं. वांग्याचं भरीत, कढी, वडे, पुरणपोळी. धाकटे भाऊजी म्हणाले, "वहिनी, दादाच्या आवडीचं समदं झालं ना?"

मी हो म्हटलं. भटजींसमोर आणखी काय सांगणार?

एक गोष्ट राहिली होती.

तुमच्यापैकी बऱ्याच जणांना धक्का बसेल, पण मानोऱ्याच्या शाळेत तीस वर्षं विज्ञान शिकवणारे तुमचे गावंडे सर दर शनिवारी बिअर प्यायचे. एकच बाटली. गच्चीवर, खुर्ची टाकून, स्टीलच्या ग्लासातून. शेजारच्यांना वाटावं, सर ताक पिऊन राहिलेत!

बाटली पेपरात गुंडाळलेली यायची आणि तशीच भंगारात जायची.

मी शेजारी बसायची. भाजलेले शेंगदाणे सोलून द्यायची आणि अर्धे स्वतःच खायची.

पहिला घोट घेतला की डोळे मिटायचे. थोडं थांबायचे. मग म्हणायचे, "हां. हीच."

मी एकदा विचारलं होतं, "एवढं कडू कायले पेता हो?"

"कडू हाय म्हनून तं मजा हाय. गोड काय, कोनीबी पेते. अन् हे घाईत पेता येत नाही. सावकाश बसा लागते."

खरं सांगू? मलाही ते सावकाश बसणंच आवडायचं. सोमवार ते शुक्रवार या माणसाच्या तोंडून "हो", "नाही" आणि "वाढ" याशिवाय शब्द निघायचा नाही. शनिवारी मात्र थांबायचे नाहीत. रिठद गावातलं लहानपण, शाळेतली भांडणं, लेकीच्या लग्नात मांडवाआड जाऊन रडले ते. सगळं मला गच्चीवरच कळलं.

तर आज पाहुणे गेले आणि मी पिशवी घेऊन बस स्टँडकडच्या बिअर शॉपीवर गेले.

मला पाहून लाइनच फुटली. दोघे जण मोबाइलमध्ये घुसले. एकाने चक्क रस्त्याकडे तोंड केलं. मी नऊवारी नेसून वाघ घेऊन आले असते तरी एवढे दचकले नसते.

दुकानदार म्हणाला, "काकू, कोन्ती पाह्यजे?"

मला माहीतच नव्हतं. त्यांच्या शर्टाचं माप, चपलेचा नंबर, कोणत्या डाळीने पोट बिघडतं, सगळं पाठ. आणि जी चाखून दर शनिवारी "हीच" म्हणायचे, तिचं नाव माहीत नाही. पेपर सोडून पाहिलं असतं तर काय बिघडलं असतं?

म्हटलं, "आमचे सर घ्यायचे ती. कडू असते. फेस येतो. पिऊन माणूस बोलायला लागतो."

"काकू, समद्याच तशा राह्यतात."

मग मागचे हळूहळू माणसात आले. टोपीवाले एक काका म्हणाले, "बाई, स्ट्राँग न्या. दिवसभर वावरात फवारल्यावर दुसरीचा पत्ताच लागत नाही."

मोबाइलवाला म्हणाला, "नाई हो, सर लोक माइल्ड पेतात. डोक्यात जात नाही, अन् वरून जेवन मस्त जाते."

दुसरा म्हणाला, "मावशी, गव्हाची निंगाली आता. केळासारका वास येते."

"गव्हाची पोळी खा लेका," काका म्हणाले.

पोटभर हसू आलं. वर्षभरात पहिल्यांदा. आणि लगेच वाटलं, हे आता घरी जाऊन कोणाला सांगू?

दुकानदाराने विचारलं, "पन सर कोन्ते?"

"गावंडे सर."

त्याचा हात थांबला.

"आपले गावंडे सर? अवो काकू, त्याईचा ब्रँड असा नव्हताच. कोन्तीबी दे म्हनत, पन फ्रीजच्या पार मागची दे. समद्यात थंडी. मी म्हनो, 'सर, बसा ना घडीभर.' तं म्हनत, 'नाई बाप्पा. थंडी हाय तवरच घरी पोचा लागते. घरवाली वर खुर्च्या टाकून बसली असन. आमाले बोलाचं राह्यते.'"

मला इतकी वर्षं वाटायचं, कोणी पाहू नये म्हणून ते पळत येतात.

त्याने आत हात घालून पार मागची बाटली काढली. पेपर घ्यायला लागला, तर मी नको म्हटलं. तशीच पिशवीत टाकली.

परत येताना मेथीची जुडी घेतली. एका जुन्या ओळखीच्या बाई भेटल्या, त्यांच्याशी उभ्या उभ्या बोलले. लेकीला फोन लावला, ती मीटिंगमध्ये होती. मग पुन्हा चालू लागले.

घरी येऊन गच्चीवर गेले. बाटली उघडली, घोट घेतला.

कडूजहर. आणि कोमट झालेली.

थंड राहणार कशी? मला घरी पोचायची घाईच नव्हती. वर कोणी बसलेलं नव्हतं.

अहो, वर्ष झालं. आठवडे निघून जातात, शनिवार जात नाही. जिथे असाल तिथे तुम्हाला बोलायला कोणीतरी भेटू दे.

तुमच्या आठवणीला मनापासून नमस्कार.